दिवेआगरला पडवी उरली नाही

दिवेआगरहून येऊन चार दिवस झाले, तरी माझा संताप ओसरत नाहीये. ज्या काकूंच्या वाडीत आम्ही वर्षानुवर्षं उतरायचो, तिथे आता दुमजली काचेचं खोकं उभं आहे. जांभ्याचं घर, कौलं, पडवी, सारवलेलं खळं, सगळं भुईसपाट.

अहो, ती पडवी शोभेची नव्हती! कोकणात पाऊस आडवा येतो, म्हणून छप्पर एवढं खाली उतरवायचे. भिंत भिजायची नाही, तापायचीही नाही. आता पश्चिमेला अख्खी काच ठोकलीय. दुपारी तीनला खोलीची भट्टी होते, मग एसी लावा, आणि लाइट गेली की जनरेटरची घरघर ऐका.

आणि स्विमिंग पूल! समुद्र हाकेवर असताना पूल कशाला हवाय? तो भरतात जमिनीतल्या पाण्यावर. किनाऱ्यालगत गोडं पाणी खाऱ्या पाण्यावर तरंगत असतं. जास्त उपसलं की खारं वर येतं आणि शेजाऱ्याची विहीर नासते. गावातल्या पोराटोरांना कळतं हे, परवानग्या देणाऱ्यांना कळत नाही?

काकूंना मी बोल लावणार नाही. 3 जून 2020 ला निसर्ग वादळाने वाड्या आडव्या केल्या. सुपारी नव्याने लावली तरी धरायला पाच-सात वर्षं जातात, तोवर माणसाने खायचं काय? तेव्हा त्यांच्यामागे कुणी उभं राहिलं नाही. बाहेरचा पैसा आला आणि जागा गेली, याची चीड येते.

जेवायला पनीर चिली. सुपारीच्या वाडीत बसून पनीर चिली! घावणे मिळतील का विचारलं, तर वेटर तोंडाकडे बघत राहिला. खाली वाळूत गाड्या पळवतात, रुतल्या की ट्रॅक्टर आणून ओढतात. याच वाळूत कासविणी अंडी घालायला येतात हो! थोडी तरी लाज?

दुसरीकडे जागा नव्हती, म्हणून तिथेच राहिलो. दीड वाजता डीजे थांबला. निदान आता तरी गाज कानावर पडेल म्हणून उठलो आणि काच सरकवायला गेलो. सरकेना. दिवा लावून बघितलं, तर कडीच नाही, चारही बाजूंनी कायमची बसवलेली काच. समुद्र समोर, आणि आवाज फक्त एसीचा.