तटस्थ राहायलाही दम लागतो भो

टीव्हीवर युद्धाच्या बातम्या लागल्या की आमच्या जळगावकडे कोणीतरी हमखास बोलतंच, "स्वित्झर्लंडसारखं राहावं भो, कोणाच्या अध्यात ना मध्यात." परवा अमळनेरला लग्नात वरणबट्टीच्या पंगतीतही तेच. मला हे अजिबात पटत नाही.

अहो १९४० मध्ये नॉर्वे, डेन्मार्क, हॉलंड, बेल्जियम हे सगळे तटस्थच होते ना? एप्रिल-मे मध्ये हिटलरने चौघांनाही तुडवलं. नुसतं तटस्थ आहोत म्हणून कोणी सोडत नाही.

मग स्विस कसे वाचले? त्यांचा जनरल आँरी गिझाँ, त्याने २५ जुलै १९४० ला सगळ्या मोठ्या अधिकाऱ्यांना र्‍युटलीच्या कुरणावर उभं करून सांगितलं की हल्ला झालाच तर आल्प्सच्या डोंगरात मोर्चा धरून शेवटपर्यंत लढायचं. आता ह्याचा अर्थ बघा, झुरिक, बाझल ही सपाटीवरची शहरं शत्रूच्या हाती जाणार आणि सैनिकांची बायकापोरं तर तिथेच, तरी माणसं तयार झाली. आणि गोठार्डचा बोगदा, ज्यातून जर्मनीचा कोळसा इटलीला जायचा, तोच उडवून द्यायची तयारी करून ठेवलेली. दोन तालेवारांच्या मधे ज्याचं दोन एकर असतं आणि दोघांची पाईपलाईन त्याच्याच बांधावरून जाते, त्याला हात लावायच्या आधी दोघंही विचार करतात, तसंच हे. खायचे वांधे नको म्हणून झुरिकला ऑपेरासमोरच्या चौकात बटाटे लावले होते, भर शहरात! एवढं करूनही १ एप्रिल १९४४ ला अमेरिकन विमानांनी चुकून स्वित्झर्लंडच्याच शाफहाउझन शहरावर बॉम्ब टाकले, ४० माणसं गेली.

इथपर्यंत मी त्यांना मानतो. पण पुढचं कोणी सांगतच नाही. जर्मनीच्या राइशबँकेकडून, म्हणजे तिथल्या रिझर्व्ह बँकेकडून, स्विस नॅशनल बँकेने १.२ अब्ज फ्रँकचं सोनं घेतलं, त्यातलं कितीतरी बेल्जियम-हॉलंडकडून लुटलेलं. कोळसा जर्मनीचाच लागायचा, चहूबाजूंनी वेढलेले होते, त्यामुळे व्यापाराचं मी एकवेळ समजू शकतो. पण ऑगस्ट १९४२ मध्ये जीव वाचवायला आलेल्या ज्यू लोकांना सीमेवरून परत पाठवायला लागले, बायकापोरांसकट हजारो माणसं, आणि जर्मन ज्यूंच्या पासपोर्टवर ओळखायला 'जे'चा शिक्का मारायचं तर १९३८ लाच जर्मनीशी बोलून ठरलेलं, तेव्हा तर युद्ध सुरूही नव्हतं. ह्याला नाइलाज म्हणायला माझं मन धजत नाही. देश वाचवायला सैन्य लागलं, बोगदा लागला, बटाटे लागले, पण त्या माणसांना हाकलल्याने देश वाचला असं मला कोणी दाखवून द्यावं.

त्या शिक्क्याबद्दल स्वित्झर्लंडचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष कास्पार विलिगर ह्यांनी माफी मागितली ती मे १९९५ मध्ये, तोवर मागे फिरवलेल्यांपैकी ऐकायला कितीजण उरले असतील?