पॉम्पलमूसच्या दौऱ्यात कमाई नाही, खोट आली होती

‘अमेरिकेतल्या एका जोडीने बेडरूममध्ये बसून दुसऱ्यांची गाणी गायली आणि यूट्यूबवर करोडपती झाली. २८ दिवसांच्या दौऱ्यात १ लाख ३६ हजार डॉलर कमावले. ना संगीताचा अभ्यास, ना कंपनी, ना भांडवल. तुम्ही कसली वाट बघताय?’

हा मेसेज मला तीन जणांकडून आला. दोनदा मी तो वाचून सोडून दिला. तिसऱ्यांदा तो माझ्या भाच्याने पाठवला, खाली ‘मावशी, बघ, मी म्हणत होतो ना!’ असं लिहून. तो आणि त्याची मैत्रीण मिळून गातात, आणि खरंच चांगलं गातात. आता सहा शहरांचा दौरा काढायचा, सोबत वादक आणि लाइटवाला न्यायचा, आणि त्यासाठी वैयक्तिक कर्ज काढायचं, असं त्यांचं ठरत आलंय. त्यामुळे आता गप्प बसणं शक्य नाही.

मेसेजमधली जोडी म्हणजे पॉम्पलमूस: जॅक कॉन्टे आणि नॅटली डॉन. दौरा २०१४चा. आकडाही खरा आहे, पण तो जमेचा आहे. खर्चाची बाजू मेसेज लिहिणाऱ्याने सरळ कापून टाकली आहे. हे मला सगळ्यात संतापजनक वाटतं, कारण कॉन्टेने त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये दौऱ्याचा पूर्ण हिशेब स्वतः लिहून जाहीर केला होता. तो न वाचता हा आकडा कुणाच्या हाती लागणं कठीण आहे.

त्या हिशेबात २३ शहरांत २४ कार्यक्रम आहेत. तिकिटांतून ९७,५१९ डॉलर, टी-शर्ट वगैरे विकून २९,७१४, एका प्रायोजकाकडून ८,७५०. एकूण १,३५,९८३. आता खर्च. बरोबरच्या माणसांचे पगार आणि भत्ते ४८,०९४. लाइट, वाद्यं, व्हॅन, ट्रेलर अशी भाड्याची सामग्री २६,४५०. विकायचा माल बनवणं आणि जाहिरात मिळून २१,९४५. हॉटेल आणि जेवण १७,५८९, तेही एका खोलीत दोघं आणि साधी हॉटेलं. बुकिंग एजंट, हिशेब सांभाळणारे वगैरेंचं कमिशन १६,४६३. पेट्रोल, विमान, टोल ११,८१६. विमा ५,४४५. एकूण १,४७,८०२ डॉलर.

वजाबाकी करा: ११,८१९ डॉलरची खोट. एवढी तिकिटं विकली गेली होती, तरीही.

आणि भाच्या, पुढचं तुझ्यासाठी. पहिलं तिकीट विकलं जाण्याआधीच या दोघांनी एका क्रेडिट कार्डावर १७,००० आणि दुसऱ्यावर ७,००० डॉलर चढवले होते. पाठीशी रेकॉर्ड कंपनी नसली की आगाऊ पैसा स्वतःच्या खिशातून जातो. ‘कंपनी नाही’ ही मेसेजमधली फुशारकी व्यवहारात अशी दिसते. कॉन्टेने आणखी एक गोष्ट लिहिली आहे: बरोबर सहा माणसं न नेता दोघांनीच कार्यक्रम केले असते तर ५०,००० डॉलरहून जास्त वाचले असते. त्यांना मोठा, दणदणीत शो करायचा होता, म्हणून त्यांनी जाणूनबुजून खोट सोसली. त्यांना ती परवडली, कारण दर महिन्याला इतर ठिकाणांहून पैसे येत होते. तुझा कर्जाचा हप्ता कुठून जाणार?

‘करोडपती’चं म्हणाल तर त्याच लेखात आहे की दोघं बँडमधून महिन्याला प्रत्येकी सुमारे २,५०० डॉलर पगार घेत होते. कॅलिफोर्नियात एवढ्यात घर चालतं, बंगला होत नाही. व्ह्यूजच्या पैशांवर कॉन्टेचा स्वतःचाच भरवसा उडाला होता. एका व्हिडिओवर त्याने सुमारे १०,००० डॉलर आणि काही महिने घातले, आणि जाहिरातींतून येणारे पैसे त्याच्या जवळपासही जाणार नाहीत हे त्याला दिसत होतं. त्यातूनच २०१३मध्ये त्याने सॅम यामबरोबर पेट्रिऑन काढलं, म्हणजे चाहत्यांनी कलाकाराला थेट पैसे द्यायची सोय. याच कारणाने काहींनी तो हिशेबाचा लेख म्हणजे पेट्रिऑनची जाहिरात असल्याचा आरोप केला. त्याचा स्वार्थ होताच, हे मलाही मान्य आहे. पण म्हणून व्हॅनचं भाडं कमी होत नाही.

‘अभ्यास नाही’ हे तर धडधडीत खोटं. दोघं स्टॅनफर्डमध्ये शिकताना भेटले. त्यांच्या व्हिडिओंचा नियम होता की जे दिसतं तेच ऐकू यायला हवं, आणि जे ऐकू येतं ते कधी ना कधी दिसायला हवं. ओठ हलवून वेळ मारून न्यायची नाही. एकेक वाद्य, एकेक सूर कॅमेऱ्यासमोर वाजवून जुळवायचा, यामागचा रियाज ज्याला ऐकू येत नाही त्याने संगीतावर मेसेज लिहू नयेत.

दुसऱ्यांची गाणी फुकट मिळतात असंही मेसेज सुचवतो. अमेरिकेत असं गायलेलं गाणं, म्हणजे कव्हर, विकायचं तर मूळ गाण्याच्या हक्कदारांना कायद्याने ठरलेला दर द्यावा लागतो. तेव्हा तो एका प्रतीमागे ९.१ सेंट होता.

एक गोष्ट मान्य करावी लागेल. कंपनीशिवाय, इंटरनेटच्या जोरावर पोट भरता येतं, हे या दोघांनी दाखवलं. २००९मध्ये त्यांची लाखभर गाणी ऑनलाइन विकली गेली, आणि त्या काळात ती मोठीच गोष्ट होती. कॉन्टेनेही आपला हिशेब कुणाला घाबरवायला लिहिला नव्हता. गाण्यावर जगणाऱ्या माणसाचा महिना कसा जातो ते त्याला दाखवायचं होतं.

तेव्हा भाच्या, गाणं सोडू नकोस. बँकेत जायच्या आधी रविवारी माझ्याकडे ये. सहाही हॉलचं भाडं, गाडीचा दर आणि वादकांचं मानधन विचारून ये, मैत्रिणीलाही घेऊन ये. आधी दोघांचाच दौरा धरून बेरीज करू, मग सगळ्या ताफ्याची.