हिरव्या रंगाचा काय संबंध?

कुठे उतरतेस? कॉटन ग्रीन, मुंबईच्या हार्बर लाइनवरचं स्टेशन. पुढचं वाक्य मला पाठ झालंय: "ती हिरवी बिल्डिंग आहे ना तिथे, म्हणून ग्रीन!" आज सकाळी रे रोड सुटल्यावर शेजारच्या काकूंनी लेकाला अगदी हेच सांगितलं. जीव नुसता तळमळला.

अहो, रंगाचा काही संबंध नाही! ग्रीन म्हणजे मोकळं मैदान. फोर्टात आजच्या हॉर्निमन सर्कलच्या जागी असंच मैदान होतं, बॉम्बे ग्रीन. तिथे कापसाच्या गाठी उघड्यावर रचलेल्या असायच्या. पुढे हा बाजार कुलाब्याला गेला, त्यालाही कॉटन ग्रीनच म्हणायचे. मग तो शिवडीला, आजच्या या स्टेशनजवळ आला, आणि येताना नाव घेऊन आला. इमारतीला रंग कुठलाही द्या, नाव कापसाचंच!

दुसरं म्हणजे, "तिथे कोण उतरतं? काय आहे तिथे?" गर्दी कमी म्हणून स्टेशन क्षुल्लक? ३ फेब्रुवारी १९२५ ला देशातली पहिली विजेची गाडी व्हीटीहून कुर्ल्याला गेली ती याच हार्बरवरून. गिरण्यांची धडधड ज्या कापसावर चालायची, त्याचे सौदे इथे व्हायचे. वखारींची ती लांबलचक छपरं गाडीच्या दारातून आजही दिसतात. पण बघतो कोण? सगळ्यांच्या माना मोबाईलमध्ये.

आणि फलाटावर या इतिहासाची एक ओळ नाही. गुटख्याच्या जाहिरातीला भिंत मिळते, कापसाला नाही. एक पाटी लावायला असा किती खर्च येतो हो? काकूंच्या लेकाने तीच वाचली असती. कॉटन ग्रीन येईपर्यंत तो खिडकीतून हिरवी बिल्डिंगच शोधत होता.