सिसोदियांनी तह केला होता

प्रताप जयंती आली की आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर एक मजकूर हमखास येतो: ‘सिसोदियांनी हजार वर्षं चितोडवर राज्य केलं, कुणाशी तह केला नाही, मोगलांना मुलगी दिली नाही. हळदीघाटात हिंदू विरुद्ध मुसलमान लढले. गादी कायम थोरल्यालाच.’ शिवराज्याभिषेकाच्या वेळी भोसल्यांचं मूळ सिसोदियांशी, म्हणजे महाराणा प्रतापांच्या मेवाडच्या राजघराण्याशी, जोडलं गेलं, त्यामुळे हे आपल्याला घरचंच वाटतं. मग निदान नीट तरी सांगूया.

हजार वर्षांचं आधी. चितोडवर राज्य करणाऱ्या गुहिल घराण्याची रावळ शाखा १३०३ मध्ये अलाउद्दीन खिलजीच्या वेढ्यात संपली. त्याच घराण्याच्या, सिसोदा गावच्या धाकट्या पातीतल्या हमीरने नंतर गड परत घेतला. सिसोदिया राणे ते तिथपासून.

तह? केला की! १६१५ मध्ये, खुद्द प्रतापांचे चिरंजीव अमरसिंह यांनी. अठरा वर्षं झुंजल्यावर ते गोगुंद्याला जहांगीर बादशहाचा मुलगा शहाजादा खुर्रम याला भेटले. कलमं बघण्यासारखी आहेत. राणा स्वतः दरबारात जाणार नाही, युवराज कर्णसिंह जाईल. चितोड परत मिळेल, पण तटबंदीची डागडुजी करायची नाही. मुलगी देण्याची अट नाही. हरलेल्या बाजूने पदरात पाडून घेतलेला हा सौदा मला तरी कमीपणाचा वाटत नाही. अमरसिंहांना मात्र तो आतून लागला. कारभार मुलाच्या हाती देऊन ते बाजूला झाले. आणि जहांगीर इतका खूश, की त्याने बापलेकांचे संगमरवरी पुतळे घडवून आग्र्याला झरोक्याखालच्या बागेत उभे केले.

मुलगी दिली नाही, हे मात्र खरं. पण सोयरिकीचं राजकारण सिसोदियांनाही चुकलं नाही. १७०८ मध्ये आमेरच्या (पुढच्या जयपूरच्या) सवाई जयसिंहाला सिसोदियांच्या नव्या राजधानीची, उदयपूरची राजकन्या दिली, ती अट घालून: हिला मुलगा झाला तर गादी त्याचीच, थोरला कुणी का असेना. जयसिंह १७४३ मध्ये गेला आणि ते कलम पेटलं. थोरला ईश्वरीसिंह गादीवर, त्या राजकन्येचा मुलगा माधोसिंह उदयपूरच्या पाठबळावर दावेदार, आणि त्याच्या मदतीला कोण, तर आपले मल्हारराव होळकर. १७५० च्या डिसेंबरात मराठी फौजा जयपूरच्या वेशीशी आल्या तेव्हा ईश्वरीसिंहाने विष घेतलं.

हळदीघाटावर फार बोलायला नको. १८ जून १५७६ ला प्रतापांच्या आघाडीला हकीमखान सूर होता आणि अकबराच्या सैन्याचा सेनापती आमेरचा कछवाहा राजपूत मानसिंह.

राहिला थोरलेपणा. राणा लाखाचा थोरला मुलगा चुंडा. मारवाडच्या हंसाबाईशी बापाचं लग्न ठरलं, तेव्हा तिच्या होणाऱ्या मुलासाठी त्याने गादीवरचा हक्क सोडला आणि मोकल राणा झाला. बदल्यात चुंडाच्या वंशाला मान मिळाला तो असा, की राणाच्या सनदेवर सलूंबरच्या चुंडावतांची भाल्याची खूण उमटायची. पुढे प्रतापांचे वडील उदयसिंह यांनीही थोरल्या प्रतापांना डावलून जगमालला नेमलं होतं. १५७२ मध्ये सरदारांनी जगमालला आसनावरून उठवलं आणि प्रतापांना बसवलं. जगमाल रुसून अकबराकडे गेला, आणि १५८३ मध्ये सिरोहीजवळ दताणीच्या लढाईत मोगलांच्या बाजूने मारला गेला. तोही सिसोदियाच.