एकत्र चाललेल्या दाव्यांबद्दल खुलासा

‘दोन दावे एकत्र चालवायचा आदेश झाला की दुसरा दावा आपोआप बंद, अपीलही एकच पुरे,’ असा मेसेज फिरतो आहे. तो चुकीचा आहे.

दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मध्ये दावे एकत्र करण्याचं स्वतंत्र कलम नाही. न्यायालयं कलम 151 खालचे अंगभूत अधिकार वापरतात. पक्षकार आणि वादाचे मुद्दे बरेचसे सामाईक असले की पुरावा एका मुख्य दाव्यात नोंदवतात आणि तोच दुसऱ्यातही ग्राह्य धरतात. साक्षीदाराची फरपट वाचते. पण प्रत्येक दाव्याचा नंबर, रोजनामा (दर तारखेच्या कामकाजाची नोंद) वेगळाच राहतो. निकालपत्र सहसा एकच, हुकूमनामे (निकालावरून निघणारे औपचारिक आदेश, म्हणजे डिक्री) मात्र वेगळे.

खरा धोका अपिलात आहे. दोन्ही हुकूमनामे विरोधात गेले आणि अपील एकावरच केलं, तर दुसरा अंतिम होतो आणि याच संहितेच्या कलम 11 प्रमाणे (एकदा अंतिम ठरलेला मुद्दा पुन्हा उकरता येत नाही) तोच केलेल्या अपिलाच्या आड येऊ शकतो. श्री गंगै विनायगर मंदिर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये हेच सांगितलं. एका अपिलाची कोर्ट फी वाचवायला हा सौदा फारच महाग!

म्हणून तो मेसेज कृपया पुढे पाठवू नका. ज्या ग्रुपवर टाकला असेल तिथे हा खुलासा टाका; अपिलाची मुदत चालू असलेला एखादा पक्षकार तिथेही असेल.