सर हम्फ्रीच्या अलीकडचा आणि पलीकडचा नायजेल हॉथॉर्न

‘येस मिनिस्टर’ या मंत्री आणि त्याच्या धूर्त सचिवावरच्या ब्रिटिश विनोदी मालिकेची एखादी क्लिप फिरायला लागली की तिच्या शेपटीला एक गोष्ट हमखास बांधलेली असते. सर हम्फ्री अ‍ॅपलबीचं, म्हणजे त्या सचिवाचं, काम करणारा नायजेल हॉथॉर्न पन्नाशीपर्यंत कुणाच्या खिजगणतीत नव्हता, किरकोळ कामं करत दिवस ढकलत होता. मग नशिबाने एक मालिका हाती लागली, एका रात्रीत तो प्रसिद्ध झाला आणि पुढे जन्मभर त्याच भूमिकेत अडकून पडला. खाली ‘हार मानू नका’ छापाची एक ओळ. शिवाय दोन जोडकिस्से: पंतप्रधान थॅचरबाईंनी त्याच्यासाठी प्रहसन लिहिलं, आणि अमेरिकनांच्या अडाणीपणामुळे त्याच्या सिनेमाचं नाव बदलावं लागलं.

गोष्ट गोड आहे. पण एकेक वाक्य तपासायला घेतलं की शिवण उसवत जाते.

आधी ते ‘खिजगणतीत नव्हता’. यात थोडं तथ्य आहे, ते मान्य करून टाकू. हॉथॉर्न जन्मला १९२९ साली कॉव्हेंट्रीत, पण वाढला केप टाउनमध्ये, वडील डॉक्टर. १९५० मध्ये तिथेच तो व्यावसायिक रंगभूमीवर आला, पुढच्या वर्षी लंडनला पोचला, आणि लंडनने त्याला फारसं विचारलं नाही. इतकं नाही की १९५७ मध्ये तो चक्क दक्षिण आफ्रिकेला परतला. १९६२ मध्ये पुन्हा आला. पहिली दहा-बारा वर्षं खडतर होती, यात वादच नाही. पण ‘पन्नाशीपर्यंत’ म्हणणारा माणूस त्यापुढची अठरा वर्षं गिळून टाकतो, आणि खरा माल तिथेच आहे.

परत आल्यावर हॉथॉर्न जोन लिटलवुडच्या थिएटर वर्कशॉपमध्ये गेला. पूर्व लंडनमधल्या स्ट्रॅटफर्डची ही मंडळी. बाईंना वेस्ट एंडच्या, म्हणजे लंडनच्या धंदेवाईक रंगभूमीच्या, घोटीव, गुळगुळीत अभिनयाचा मनस्वी तिटकारा. तालमीत सगळा भर उत्स्फूर्ततेवर, संहितासुद्धा पवित्र नाही. गोड आवाजाचा, सभ्य चेहऱ्याचा हा नट तिथे चांगलाच मोडला आणि नव्याने जुळवला गेला. पुढचा मुक्काम रॉयल कोर्ट, हे लंडनचं एक नाट्यगृह. १९६८ मध्ये एडवर्ड बाँडचं ‘अर्ली मॉर्निंग’ आलं. त्यात राणी व्हिक्टोरिया आणि फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांचे प्रेमसंबंध दाखवलेले. सेन्सॉरने, म्हणजे लॉर्ड चेंबरलेनच्या कार्यालयाने, अख्ख्या नाटकावरच बंदी घातली. मग रॉयल कोर्टने ते रविवारी, सभासदांसाठीचा खेळ म्हणून उरकलं. राणीचा नवरा प्रिन्स अल्बर्ट कोण? हॉथॉर्न. त्याच वर्षी सप्टेंबरात ब्रिटिश रंगभूमीवरची ती शतकांची सेन्सॉरशिप कायद्याने संपली. ज्या नाटकांनी तिला शेवटचे धक्के दिले त्यांतल्या एकात महत्त्वाची भूमिका करणाऱ्याला ‘दिवस ढकलत होता’ म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा.

किरकोळ कामं होतीच, नाही असं नाही. १९६९ मध्ये ‘डॅड्स आर्मी’च्या एका भागात तो दिसतो, सायकलवरचा एक संतापलेला इसम म्हणून, डोळ्याचं पातं लवेपर्यंत काम संपतं. पण १९७५ मध्ये हॅरॉल्ड पिंटरने बसवलेल्या ‘अदरवाइज एंगेज्ड’मध्ये तो अ‍ॅलन बेट्सच्या समोर उभा होता. आणि १९७७ मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या ‘प्रायव्हेट्स ऑन परेड’मध्ये त्याने मेजर फ्लॅक केला. मलायात सैनिकांसाठी नाचगाणी करणारी लष्करी तुकडी, आणि तिच्यावर नेमलेला हा देवभोळा मेजर. भोवती काय चाललंय याचा त्याला पत्ता नाही, बोलण्यातला आत्मविश्वास मात्र तसूभर ढळत नाही. या कामाला वेस्ट एंडच्या नाट्यसंस्थेचा सर्वोत्तम साहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. या पुरस्कारांना पुढे ऑलिव्हिए हे नाव पडलं. १९७८ च्या ‘एडवर्ड अँड मिसेस सिम्प्सन’ या मालिकेत तो वॉल्टर मंक्टन झाला: राजाच्या कानाशी लागून हळू आवाजात कायदा सांगणारा वकील. मेजर फ्लॅकची ठाम बडबड आणि मंक्टनची कुजबूज शेजारी ठेवा, हम्फ्री अर्धाअधिक तयार दिसतो.

त्यामुळे ‘नशिबाने मालिका हाती लागली’ हा दुसरा मुद्दा आपोआपच लंगडा पडतो. नशीब कुठे होतं तर तारखांमध्ये. नमुना भाग १९७९ च्या सुरुवातीला झाला, पण निवडणूक तोंडावर होती म्हणून बीबीसीने मालिका अडवून धरली. ती बीबीसी टू वर दिसली ती फेब्रुवारी १९८० मध्ये. एका रात्रीचा चमत्कार असा वर्षभर फडताळात पडून होता.

आणि भूमिका मिळणं वेगळं, ती पेलणं वेगळं. १९८२ मधला ‘द स्केलेटन इन द कपबोर्ड’ हा भाग काढून बघा. तीस वर्षांपूर्वी एका कनिष्ठ अधिकाऱ्याने करारात घोडचूक केलेली असते, स्कॉटलंडमधल्या एका जागेच्या. तो अधिकारी कोण, हे मंत्री जिम हॅकरला हवंय, आणि तो स्वतः हम्फ्रीच आहे. कबुली द्यायला हम्फ्री तोंड उघडतो, आणि एक लांबलचक, उपवाक्यांत उपवाक्यं कोंबलेलं वाक्य सुरू होतं. हॉथॉर्न ते घाईत फेकत नाही. सुरुवातीला आवाज नेहमीसारखा सरकारी, मान ताठ. वाक्य जसजसं आपल्या शेवटाकडे, म्हणजे त्या ‘मी’कडे सरकतं, तसतसा त्याचा श्वास तोकडा पडत जातो. हॅकरला अर्थातच काही कळत नाही. मग तीनच शब्दांची कबुली येते, आणि कोसळलेला माणूस समोर दिसतो. सगळं स्टुडिओतल्या प्रेक्षकांसमोर. अशी वाक्यं तोंडपाठ करणारे नट पुष्कळ सापडतील. वाक्याच्या आत माणूस ढासळताना दाखवणारे थोडे. (‘येस, प्राइम मिनिस्टर’ या पुढच्या मालिकेतल्या ‘द की’ या भागात दाराची किल्ली काढून घेतल्यावर हाच हम्फ्री खिडकीतून पंतप्रधान झालेल्या हॅकरच्या घरात शिरतो. तिथे शब्द कमी आणि शरीर जास्त, आणि लिटलवुडच्या तालमी फुकट गेल्या नाहीत हे कळतं.)

दोन्ही मालिका मिळून ३८ भाग झाले, आणि त्यासाठी हॉथॉर्नला चार बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचे सिनेमा-टीव्हीचे पुरस्कार, मिळाले. चारही वेळा पॉल एडिंग्टनला हॅकरसाठी नामांकन होतं आणि चारही वेळा तो रिकाम्या हाताने घरी गेला. मला हा अन्याय वाटतो. हम्फ्रीचं वाक्य संपेपर्यंत हॅकरचा चेहरा जे करतो त्यावरच तर निम्मा हशा उभा असतो. पण ते असो.

आता ‘त्या भूमिकेत अडकला’. हा मुद्दा सगळ्यात पोकळ, आणि सगळ्यात जास्त हाच सांगितला जातो. हम्फ्री ऐन भरात असताना, १९८२ मध्येच, ‘द बार्चेस्टर क्रॉनिकल्स’मध्ये तो आर्चडीकन ग्रँटली झाला: चिडका, गडगडाटी, समोरच्या धूर्त पाद्र्याकडे नुसतं बघून लाल होणारा. तो पाद्री म्हणजे तरुण अ‍ॅलन रिकमन. १९८५-८६ मध्ये ‘मॅप अँड लुसिया’त तो जॉर्जी होता, भरतकामात रमणारा, नाजूक. १९८९ मध्ये ‘शॅडोलँड्स’ या नाटकात लेखक सी. एस. लुइस, ते न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेला गेलं आणि १९९१ मध्ये सर्वोत्तम अभिनेत्याचा टोनी पुरस्कार त्याच्या हाती आला. त्याच नाटकाचा सिनेमा निघाला तेव्हा भूमिका अँथनी हॉपकिन्सला गेली. अडकण्याबद्दल बोलायचंच तर इथे बोला. त्याला अडवत होती ती सिनेमावाल्यांची मोठ्या नावांची ओढ, हम्फ्री नव्हे.

मग वेड लागलेला ब्रिटिश राजा तिसरा जॉर्ज, ‘द मॅडनेस ऑफ जॉर्ज द थर्ड’मधला. अ‍ॅलन बेनेटचं नाटक, निकोलस हाइटनरचं दिग्दर्शन, नॅशनल थिएटर, १९९१. ऑलिव्हिए मिळालं. १९९४ चा सिनेमाही (‘द मॅडनेस ऑफ किंग जॉर्ज’) हाइटनरनेच केला आणि या वेळी राजा बदलला नाही: हॉथॉर्नच. ऑस्करचं नामांकन झालं. बाहुली टॉम हँक्सला मिळाली, बाफ्टा मात्र हॉथॉर्नला. हम्फ्री शब्दांच्या आडोशाला लपतो. या राजाच्या तोंडून शब्दांचा लोंढा सुटतो आणि त्याला आडोसाच उरत नाही. धडधाकट असताना प्रत्येक वाक्यामागे ‘व्हॉट, व्हॉट’ जोडण्याची राजाची सवय. आजार चढतो तशी बडबड वाढते, आणि ते दोन शब्द मात्र गळून पडतात. खुर्चीला बांधलेला, अंगावर फोड आलेला, स्वतःची बडबड स्वतःलाच ऐकू येतेय पण थांबवता येत नाही, असा तो राजा. शेवटी ‘किंग लिअर’मधला उतारा वाचता वाचता ते ‘व्हॉट, व्हॉट’ परततं आणि भोवतालच्यांना कळतं की महाराज परत आले. राजा म्हणतो ते साधारण असं: आजारातही मी मीच होतो, आता फक्त तसं दिसायचं कसं ते आठवलंय. नटाच्या तोंडी यापेक्षा नेमकं वाक्य मिळणं कठीण.

नंतरही १९९६ मधल्या ‘द फ्रॅजाइल हार्ट’मधल्या डॉक्टरसाठी आणखी एक बाफ्टा मिळाला, या खेपेला गंभीर कामासाठी. मधल्या काळात स्टॅलोनच्या एका मारधाडपटात खलनायकही होऊन आला, ते त्याच्या चाहत्यांनी विसरलेलंच बरं.

जोडकिस्से पटकन निकालात काढू. जानेवारी १९८४ मध्ये थॅचरबाईंनी हॉथॉर्न आणि एडिंग्टनबरोबर ते प्रहसन खरंच केलं: अर्थतज्ज्ञांना बरखास्त करा, एवढाच त्याचा जीव. पण ‘त्याच्यासाठी’ नाही. टीव्हीवरच्या अश्लीलतेविरुद्ध झगडणाऱ्या मेरी व्हाइटहाउस यांच्या संघटनेच्या पारितोषिक समारंभासाठी, आणि दोन्ही नटांची त्यात उभं राहायची मुळीच इच्छा नव्हती. मालिकेचा एक लेखक जोनाथन लिनने पारितोषिक स्वीकारताना पंतप्रधानांचे आभारच मानले, प्रहसनाच्या क्षेत्रात अखेर आपली योग्य जागा घेतल्याबद्दल. सिनेमाच्या नावाबद्दल: ‘जॉर्ज द थर्ड’ वाचून अमेरिकन लोक आधीचे दोन भाग शोधतील, हा विनोद निर्मितीच्या वेळी होताच. पण हाइटनरने सांगितलेलं मुख्य कारण साधं आहे, नावात ‘किंग’ हा शब्द यायला हवा होता.

सगळं गोडच लिहायचं तर मी त्या क्लिपवाल्यांपेक्षा वेगळा नाही, म्हणून लिअरचंही सांगतो. १९९९ मध्ये, सत्तरीत, त्याने युकिओ निनागावाच्या दिग्दर्शनाखाली ‘किंग लिअर’ केला, आधी जपानात, मग लंडन आणि शेक्सपिअरच्या गावी, एव्हनकाठच्या स्ट्रॅटफर्डला. वादळाच्या प्रवेशात वरून रंगमंचावर दगड पडत. समीक्षकांना दगड आवडले नाहीत, आणि हॉथॉर्नचा हळवा, घरगुती लिअरही बऱ्याच जणांना तोकडा वाटला. त्याच वर्षी तो खरोखरीचा ‘सर’ झाला होता.

आपल्याकडे ‘जी मंत्रीजी’ झालं, फारूख शेख मंत्री आणि जयंत कृपलानी सचिव. ज्यांनी ते पाहिलंय त्यांना ही भूमिका किती निसरडी आहे ते ठाऊक आहे. हॉथॉर्न बघायचा असेल तर क्लिपांच्या नादी लागू नका. आधी बार्चेस्टर बघा, मग किंग जॉर्ज, आणि हम्फ्रीकडे त्यानंतर जा.