पूर म्हणे मावशीनं आणला!

आज डोकं फिरलंय, पोस्ट लांबणार. वेळ नसेल त्यांनी पुढं सरकावं.

दुपारी पाचगावला पाहुण्यांच्या वास्तुशांतीला गेलो होतो. पंगतीत शेजारी चिखलीची मावशी, तिच्या पलीकडं भाच्याचा एक दोस्त. पोरगा आता 'माइंड कोच' झालाय. हॉटेलचा हॉल घेऊन शिबिरं भरवतो, कानाला माइक बिइक. मसालेभात येईपर्यंत गप्प होता. मावशी सवयीनं बोलून गेली, "यंदा पाऊस जरा जास्तच दिसतोय, एकोणीससारखं नको व्हायला." झालं, साहेब सुरू. "मावशी, जग म्हणजे मनच. बाहेर काही नसतंय. तुम्ही रात्रंदिवस पुराचाच विचार करताय, म्हणून पूर तुमच्या दारात येतोय. विचार बदला, पाणी येणार नाही."

मावशीनं जिलेबी परत पानात ठेवली. "म्हंजे पूर म्यां आणला व्हय? आन् राधानगरी धरणाची दारंबी म्यांच उघडली?"

पंगत खदखदून हसली. मला काही हसू आलं नाही, कारण त्या पुरातलं मावशीचं काय झालं ते मला ठाऊक आहे.

ऑगस्ट २०१९. पंचगंगेची धोक्याची पातळी ४३ फूट, आणि राजाराम बंधाऱ्यावर पाणी ५५ च्या वर गेलेलं. आम्ही कोल्हापूर शहरात अडकलेलो, शिवाजी पुलाच्या पलीकडं रस्ताच दिसत नव्हता. तिकडं मावशी गोठ्यात गुडघाभर पाण्यात उभी राहून म्हशीचं दावं सोडत होती. दावं भिजून गाठ आवळलेली. म्हैस बिथरून ओढ घेतेय, तसतशी गाठ आणखी घट्ट बसतेय. नखं उलटली पण गाठ सुटेना. शेवटी विळ्यानं दावं कापलं तिनं. त्या क्षणी तिच्या मनात गाठ सुटण्याशिवाय दुसरं काय असेल? एवढी एकाग्रता त्या हॉलमध्ये फी भरून बसणाऱ्या एकाला तरी जमते का? आणि तरी गाठ सुटली नाही ती नाहीच.

आता मुद्द्यावर येतो. तत्त्वज्ञानात एम.ए. करून मी हार्डवेअरच्या दुकानात बसतो, तेव्हा या विषयावर बोलायची संधी क्वचित मिळते, ती सोडणार नाही.

हा पोरगा सांगतो की ही 'ऋषिमुनींची हजारो वर्षांची गुप्त विद्या' आहे आणि तिचे सात नियम आहेत. पहिलाच नियम, सगळं मन आहे, विश्व मानसिक आहे. सात म्हटल्यावर माझे कान टवकारले. अरे, हे तर १९०८ साली अमेरिकेत, शिकागोत छापलेल्या 'द किबॅलियन' नावाच्या पुस्तकातलं! त्यावर लेखक म्हणून नावच नाही, नुसतं 'थ्री इनिशिएट्स', म्हणजे दीक्षा घेतलेले तिघं. इजिप्तची प्राचीन विद्या म्हणून ते खपवलेलं. त्यामागं विल्यम वॉकर अॅटकिन्सन नावाचा वकील होता असं बहुतेक अभ्यासक मानतात. हाच गडी 'योगी रामचारक' असं नाव घेऊन योगावरही पुस्तकं लिहायचा! आणि विचारांच्या कंपनांनी हवं ते खेचून आणण्याचं पुस्तक त्यानं १९०६ मध्येच स्वतःच्या नावावर काढलं होतं. म्हणजे शिकागोच्या वकिलानं योग्याचं सोंग घेऊन विकलेला माल शंभर वर्षांनी आपल्या कोल्हापुरात 'आपल्या पूर्वजांचा' म्हणून परत आला, आणि आपण रांगेत उभं राहून तो विकत घेतोय. नाद खुळा!

माझा राग 'जग मन आहे' या मताबद्दल नाही, हे लक्षात घ्या. ते मत लई दांडगं आहे. वसुबंधू नावाच्या बौद्ध पंडितानं दीड हजार वर्षांपूर्वी 'विंशतिका' या ग्रंथात ते मांडलं, की हे सगळं विज्ञप्तिमात्र, म्हणजे नुसता मनातला भास, डोळ्याला तिमिर नावाचा रोग झालेल्याला नसलेले केस दिसावेत तसं. पण पुढच्याच श्लोकात तो विरोधकाला बोलू देतो. सगळं मनच असेल तर ठरावीक गोष्ट ठरावीक जागी, ठरावीक वेळीच का दिसते? एकालाच न दिसता सगळ्यांना का दिसते? हे प्रश्न त्यानं टाळले नाहीत, त्यांच्यावरच अख्खा ग्रंथ उभा केला. प्रेतांना (मढी नव्हेत, भुकेली पिशाच्चं) नदी पुवानं भरलेली दिसते, आणि सगळ्या प्रेतांना एकत्रच दिसते, असा त्याचा दाखला आहे. त्यातलं एखादं प्रेत 'मी आता सकारात्मक विचार करतो' म्हणालं म्हणून नदीत गोडं पाणी वाहायला लागलं, असं वसुबंधू कुठंही म्हणत नाही.

हो, तो कर्मावर बोट ठेवतो, तेवढं मान्य. पण मागच्या आठवड्यात काय विचार केलास म्हणून या आठवड्यात पूर आला, असला हिशेब त्यात नाही.

बर्कलीचंही तेच. आयर्लंडचा पुढं बिशप झालेला तत्त्वज्ञ, १७१० च्या पुस्तकात जडद्रव्यच उडवून लावतो. आणि त्याच पुस्तकात स्पष्ट लिहितो की कल्पना मी हव्या तशा करू शकतो, पण भर उजेडात डोळे उघडले की समोर काय दिसावं हे माझ्या हातात नाही. ती गाठ हीच. ती मनाची बनलेली असो नाहीतर सुंभाची, मावशीच्या हुकमात नव्हती. जग कशाचं बनलंय हा एक प्रश्न, आणि ते माझं ऐकतं का हा दुसरा. पहिल्याचं उत्तर दाखवून दुसऱ्याचे पैसे घ्यायचे, हा यांचा धंदा. (म्हातारपणी बर्कलीनंही डांबराचं पाणी सगळ्या रोगांवर औषध म्हणून सांगत १७४४ मध्ये पुस्तक काढलं होतं. तत्त्वज्ञही घसरतात.)

आणि आपले शंकराचार्य तर विज्ञानवाद, म्हणजे वसुबंधूचं हे 'सगळं मनच' मत, मानतच नाहीत. ब्रह्मसूत्रभाष्यात म्हणतात, वस्तू दिसत असताना ती नाही म्हणणारा म्हणजे जेवून तृप्त होत असताना 'मी जेवत नाही, तृप्तही होत नाही' म्हणणारा माणूस. पंगतीत तिसरी जिलेबी वाढून घेत 'बाहेर काही नसतंय' सांगणाऱ्या पोराला हे ऐकवायचं अगदी तोंडावर आलं होतं. यजमानांकडं बघून गिळलं.

आता जरा शांत झालोय, चहा घेतलाय. खरं सांगायचं तर पोरगा वाईट नाही. फाउंड्रीतली नोकरी गेली तेव्हा वर्षभर घराबाहेर पडत नव्हता, त्या शिबिरानंच त्याला उठवलं असं त्याची आई सांगते. खोटं कशाला म्हणू? मन सावरलं की माणूस सावरतो, हे कोण नाकारतंय? राधानगरीचं धरणही आधी शाहू महाराजांच्या मनातच आलं होतं की. पण मग दगड फोडावे लागले, त्याला वर्षानुवर्षं गेली.

पण मग परत मावशी आठवते. जुलै लागला की ती रेशनकार्ड, सातबारा, बँकेचं पुस्तक प्लास्टिकच्या पिशवीत घालून माळ्यावर ठेवते. धाकट्याला दिवसातून चारदा विचारते, "बंधाऱ्याला किती फूट झालं रं?" ३९ म्हटलं की म्हशी हलवते. ४३ ची वाट बघत नाही. आणि आता दावंसुद्धा अशा गाठीनं बांधते की एक टोक ओढलं की मोकळं. याला हा 'नकारात्मक कंपन' म्हणतो! त्याचं ऐकून उद्या बाईनं म्हशी गोठ्यातच ठेवल्या तर कोण जबाबदार? शिबिराची लेव्हल तीन?

ज्याचं घर बुडालं त्यालाच गुन्हेगार ठरवायचं आणि वर त्याला मोठं तत्त्वज्ञान म्हणायचं, हे मला सहन होत नाही. कॅन्सरच्या पेशंटला 'तूच ओढवून घेतलास' म्हणणारे पण यांच्यातलेच. तुम्हालाही कुणी ना कुणी भेटले असतीलच.

आपल्या ग्रुपमधल्या कुणी पुढच्या बॅचचे पैसे भरले असतील तर मला फोन करा, परत मागायला मी सोबत येतो. आणि खरंच गोडी असेल तर दुकानावर या, विंशतिका आहे माझ्याकडं. नाव विंशतिका, म्हणजे 'विशी', असलं तरी श्लोक बावीस आहेत. लेव्हल एकच.